कंसातली लिविया

ओला कागद दगडाच्या तुकड्यावर पसरून सेप्टिमिउने ब्रशने ठोकायला सुरुवात केली. असा ठसा घेतला की झिजलेली अक्षरंही कागदावर उठतात. चाळीस वर्षं आपल्या देशाचा, म्हणजे जुन्या रोमन दाकिया प्रांताचा, इतिहास त्याने अशाच ठशांवरून लिहिला होता.

नांगराला लागून वर आलेला हा तुकडा एका जुन्या थडग्याच्या दगडाला बरोबर जुळत होता. थडगं सहा वर्षांच्या मुलीचं. नाव तेवढं तुटून गेलेलं. तीस वर्षांपूर्वी तो लेख छापताना सेप्टिमिउने रिकाम्या जागी, रिवाजाप्रमाणे कंसात, आपल्या अंदाजाचं नाव भरलं होतं: लिविया. त्याच वर्षी त्याची स्वतःची मुलगी लिविया गेली होती. तीही सहाचीच. पुढे इतरांच्या पुस्तकांतून कंस गळाले, नाव राहिलं.

तेव्हापासून अंगणातल्या अक्रोडाखाली त्याला एक मुलगी पाठमोरी उभी दिसायची. तो हाक मारायचा, "लिविया!" ती कधीच वळली नाही. पोर रुसलीय, अशी तो मनाची समजूत घालायचा आणि दिवसभर त्याला जेवण जायचं नाही.

दुपारी कागद वाळला. त्यावर नाव होतं सातुर्निना.

"सर, तुकड्याची अजून नोंद नाही झालेली," संग्रहालयातली इलिंका हळूच म्हणाली. "कोठारात मागे सारला, तर माझ्या बापालाही सापडायचा नाही."

"हिलाही बाप होता गं. त्याने कोरून घेतलेलं नाव मी कसं गाडू?"

त्याने तिथेच बसून दुरुस्तीचं टिपण लिहिलं आणि तिच्या हाती दिलं.

घरी त्याची बायको लुक्रेत्सिया उद्याच्या मृतांच्या शनिवारासाठी, गेलेल्या प्रत्येकाच्या नावाने एकेक ताटली ठेवायचा गहू शिजवत होती. चर्चमध्ये पाद्र्याने वाचायच्या नावांची यादी टेबलावर होती. लिवियाचं नाव सेप्टिमिउने तिला त्या यादीत कधी लिहू दिलं नव्हतं. "ती दगडावर आहे," म्हणायचा.

आज त्याने स्वतःच पेन उचललं आणि दोन नावं लिहिली.

लुक्रेत्सियाने यादी वाचली. पहिल्या नावावर तिचं बोट बराच वेळ थांबलं.

"आणि ही सातुर्निना कोण?"

"आहे एक पोर. तीस वर्षं मी तिला भलत्याच नावाने हाका मारत होतो."

अक्रोडाखालच्या मुलीविषयी त्याने घरात कधी चकार शब्द काढला नव्हता.

"तरीच वळत नव्हती," लुक्रेत्सिया म्हणाली, आणि तिने फळीवरून आणखी एक ताटली काढली.