चालू डावातलं बोलावणं

मॅनेजर ब्रँटने मैदानाकाठी खेळाडू बसायच्या जागेच्या पायरीवर चढून मैदानाच्या टोकाकडे हात हलवला, आणि डाव्या कोपऱ्यात उभा असलेला ड्वेन पिकेट धावत निघाला.

चालू डावात धडधाकट खेळाडूला आत बोलावलं की त्याचा अर्थ एकच, मोठ्या लीगमधल्या वरच्या संघाचा त्याच्यासाठी फोन आला. ड्वेन बारा गावचं पाणी प्यायला होता आणि त्या प्रत्येक गावच्या संघाकडून बेसबॉल खेळला होता. वरच्या संघात तो एकदाच गेला, तोही बाकावर बसून परत आला. तिथे एकदा तरी बॅट घेऊन उभं राहायचं, एवढ्यासाठी त्याने संसाराची आबाळ केली. हे वर्ष शेवटचं, असं बायकोने बजावलं होतं.

तो आत पोचताच बाकांवरची सगळी मंडळी उठून उभी राहिली.

"म्हातारबा, निघालास एकदाचा!" पिचर कोल्टरने त्याला उचललंच. "आता विमानाने फिरशील. आमची खटारा बस विसरू नकोस."

पाठीवर थापा पडत होत्या. ड्वेनला हसू आवरेना.

मग त्याने ब्रँटकडे पाहिलं. ब्रँट टोपी काढून तिची शिवण निरखत होता. ड्वेनच्या शेजारी, मधल्या जागेवर खेळणारा विशीतला रामिरो अजून मैदानातच होता. हात आपल्याला केला होता की काय, अशा संभ्रमात.

बोलावणं त्या पोराचं होतं. आता सगळ्यांच्या देखत उलट पावली परत जायचं. ते त्याच्याने होईना.

"गुडघा गेला," तो मोठ्याने म्हणाला आणि बाकावर बसला. "म्हणून आलो. तुम्ही लेको भलतंच समजलात."

थापा थांबल्या. ब्रँट त्याच्या कानाशी वाकला.

"ड्वेन, गुडघ्याचं मला वर कळवावं लागेल. या वयात ते तुला ठेवणार नाहीत. मुकाट्याने परत जा, यांना मी काहीतरी सांगतो."

"कळवा. आधी त्या पोराला बोलवा. वाट बघतोय तो."

ब्रँटने पुन्हा हात केला. रामिरो पळत आला, सगळे त्याच्याभोवती जमले, पण आता जरा बेतानेच. ड्वेनने बसल्या जागेवरून टाळ्या वाजवल्या.

संघाचा मालिशवाला लू बर्फ घेऊन समोर बसला आणि गुडघा चाचपू लागला.

"इथे दुखतंय?"

"नाही."

"मग इथे?"

रामिरो एकेकाला मिठी मारत ड्वेनच्या दिशेने येत होता.

"हो," ड्वेन म्हणाला. "बांध."