एमिलसाठी न वाजलेली घंटा

मित्रांनो, मी एक जुनी घंटा आहे. काशाची, चांगली जाडजूड, चार माणसांनाही न हलणारी. माझं नाव लिअँडर. हसू नका! घंटेला बाप्याचं नाव कशाला, असं तुम्हाला वाटणारच. आमच्या पेनसिल्व्हेनियातल्या कोळशाच्या खोऱ्यात चर्चच्या घंटेचा बाप्तिस्मा होतो. तिला पवित्र पाण्याने धुतात, तेल लावतात, नाव ठेवतात, आणि लेकराला असते तशी तिलाही धर्ममाता असते. नाव खरं तर एखाद्या संताचं ठेवायचं. पण त्या वर्षी आमच्या स्लोव्हाक खाणकामगारांचं आपल्या बिशपवरचं प्रेम असं काही उतू चाललं होतं, की त्यांनी जिवंत माणसाचंच नाव माझ्या अंगावर कोरून घेतलं. म्हाताऱ्या बायका म्हणाल्या होत्या, "अरे, माणूस मेल्यावर नाव कोरावं. तोवर कळतं तरी, तो कसा होता ते." पण त्यांचं ऐकतंय कोण?

माझी धर्ममाता होती झुझाना हुडाक. बाप्तिस्म्याच्या दिवशी माझ्या ओल्या अंगावर हात ठेवून ती रडली होती. तिला दोन मुलं, एमिल आणि धाकटी मिली. म्हणजे एमिल माझा भाऊच झाला की!

लग्नात मी वाजायचे, ईस्टरला वाजायचे. पण माझं खरं काम मरणाचं. वस्तीतलं कोणी गेलं की मी संथ वाजायचे. रस्त्यावरची माणसं थांबायची, टोप्या काढायची आणि एकमेकांना विचारायची, "कोणासाठी?" नाव कळलं की छातीवर क्रूसाची खूण करायची. मी कंजुषासाठी वाजले, दारुड्यासाठी वाजले, बायकोला छळणाऱ्यासाठीसुद्धा वाजले. माझं कौतुक तर विचारू नका. "आपल्या लिअँडरचा आवाज पलीकडच्या खोऱ्यात जातो!" अशी लोक बढाई मारायचे.

एमिल लहान असतानाच त्याने आईला सांगितलं, "फादर मला एकट्याला बोलावतात. माझ्याशी फार वाईट वागतात. मला भीती वाटते." झुझानाने बिशपना कळवलं. बिशप लिअँडर स्वतः आले आणि मनोऱ्याखाली, माझ्या दोरीजवळ तिच्याशी बोलले.

"झुझाना, झाकली मूठ सव्वा लाखाची. फादरना मी पलीकडच्या खोऱ्यात पाठवतो. पोराला म्हणावं, विसरून जा."

"आणि तिकडची पोरं, बिशपसाहेब?" झुझानाने विचारलं.

बिशपनी तिच्या डोक्यावर हात ठेवला आणि निघून गेले. फादरही गेले. आणि आमच्या माणसांनी काय करावं? त्यांनी पोरालाच खोटं ठरवलं! दुकानात कोणी हुडाकांशी बोलेना. एमिल पुन्हा कधी चर्चची पायरी चढला नाही. तो दारूला लागला आणि ऐन तारुण्यात गेला.

त्याच्या मयताच्या दिवशी झुझाना दोरीपाशी आली. नवे फादर म्हणाले, "ज्याने चर्च सोडलं त्याच्यासाठी घंटा नाही. वरून हुकूम आहे." तिने दोरी धरली, तर त्यांनी तिची मूठ उघडून दोरी काढून घेतली. मित्रांनो, दोरी ओढल्याशिवाय मला वाचा नाही. माझी धर्ममाता खाली रडत होती आणि मी वर गप्प लटकत होते. तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात ना, तोच. त्याच हिवाळ्यात बिशप वारले. त्यांच्यासाठी मात्र मला दिवसभर बडवलं.

तेव्हापासून माझ्या पोटात काहीतरी घुमतं. वारा पडलेला असला तरी घुमतं. एकदा मनोरा रंगवणारा माणूस माझ्याजवळ कान नेऊन बसला आणि पांढराफटक होऊन खाली उतरला. "आत कोणीतरी आहे," म्हणाला. लोक त्याला हसले. पण आत होतंच. न वाजलेला ठोका कुठे जातो, ठाऊक आहे? तो कुठेच जात नाही.

पुढे मनोऱ्याचे वासे कुजले. मला उतरवून अंगणात लाकडी चौकटीला टांगलं, आणि मग माझ्याकडे कोणी फिरकेना. शेजारीच चर्चचं स्वयंपाकघर. ईस्टरआधीच्या उपासाच्या काळात दर शुक्रवारी बायका तिथे पिरोही करायच्या, म्हणजे बटाटा भरून उकडलेल्या करंज्या. तिथेच मी ऐकलं, की लेकरांना छळणाऱ्या फादरांची सरकारी चौकशी झाली आणि बिशप लिअँडरना सगळं ठाऊक होतं हे बाहेर आलं.

"त्या मेल्याचं नाव घासून काढा!" ऑगस्टा लाटणं आपटत म्हणाली. ऑगस्टाची जीभ म्हणजे वस्तरा.

"नाव घासून काय होणार?" मिली म्हणाली. मिली आता म्हातारी झाली होती, झुझानाही केव्हाच गेली होती. "भांडं घासलं की आपण म्हणतो, झालं स्वच्छ. मला एमिलसाठी घंटा हवी. बाकी काही नको."

काही दिवसांनी नवे बिशप टोबायस आले. चर्च आता बदलणार, लोकांचं ऐकणार, असं त्यांनी अंगणात जमलेल्यांना सांगितलं. क्षमाही मागितली. माझं नाव पुसायला घासायचं यंत्रही आणलं होतं. मिली माझ्यापुढे उभी राहिली.

"नाव राहू दे. याच नावाची घंटा माझ्या भावासाठी वाजली पाहिजे. आणि दोरी तुम्ही ओढायची."

बिशपचा वकील पुढे झुकला. "साहेब, तसं केलंत तर सगळं कबूल केल्यासारखं होईल."

बिशप दोरीपाशी आले, पण हात पुढे होईना. चेहरा उतरला होता.

"काय हो, हात दुखतील काय?" ऑगस्टा मागून ओरडली.

त्यांनी बोटातली अंगठी काढून खिशात टाकली आणि दोरी धरली. पहिल्या ओढीला मी नुसतीच डुलले. बिशपना कुठली आलीय दोरीची सवय! त्यांनी पाय रोवून पुन्हा ओढली, आणि मी वाजले. एमिल रे, माझ्या भावा, मी वाजले! रस्त्यावर मोटारी थांबल्या. कोणीतरी विचारलं, "कोणासाठी?"

"एमिल हुडाकसाठी!" मिली गळा फाटेस्तोवर ओरडली.

आता माझ्या पोटातलं घुमणं थांबेल, असं मला वाटलं. तेवढ्यात कुंपणापाशी उभा असलेला एक पांढऱ्या केसांचा माणूस पुढे आला. त्याला आमच्यातलं कोणी ओळखत नव्हतं.

"मी पलीकडच्या खोऱ्यातला," तो म्हणाला. "ते फादर इथून आमच्याकडे आले होते. माझ्यासाठीही वाजवा. मी मेलेलो नाही, तरी वाजवा."

मिलीने बिशपच्या हातातून दोरी घेतली आणि त्याच्या हातात दिली. त्याच्यामागे आणखी दोघं येऊन उभी राहिली.

मित्रांनो, जोडायला मला हात नाहीत, तरी विनवते. माझ्यावरचं नाव पुसा, नका पुसू, तुमची मर्जी. पण एखादं लेकरू हळूच काही सांगू लागलं, तर सगळी कामं टाकून त्याचं ऐका. आमच्या माणसांनी एमिलचं ऐकलं असतं, तर त्या म्हाताऱ्याला त्या दिवशी माझ्यापाशी यावंच लागलं नसतं.