पिळाचे गाणे

लाकडाच्या वखारीत गाण्याचा उत्सव भरवावा ही कल्पना ज्याला प्रथम सुचली तो मनुष्य स्वतः गाणारा नव्हता. तो वखारीचा मालक होता. ओंडक्यावर तळहात ठेवून त्याच्या पोटात गाठ कुठे आहे हे तो सांगत असे. बोलण्यात मात्र स्वतःच गाठीसारखा घट्ट. गिरणी आली तसे हातमाग थांबले, नदीवर पूल झाला तशी नाव थांबली, आणि त्या त्या कामासोबत म्हटली जाणारी गाणीही माणसांच्या तोंडातल्या तोंडात सुकू लागली, हे त्याने पाहिले. लाकूड सुकले की त्याला भाव येतो, गाणे सुकले की नुसते सरपण, असे तो म्हणे. म्हणून वर्षातून एकदा त्याने करवतीचे यंत्र बंद ठेवले, फळ्यांच्या थप्प्या भिंतींकडे सरकवल्या आणि ज्याला जे कामाचे गाणे येत असेल त्याने येऊन ते म्हणावे असा निरोप चहूकडे धाडला. वखारीत दिव्या-काडीला सक्त मज्जाव. त्यामुळे उत्सव उन्हाबरोबर सुरू होई आणि उन्हाबरोबर आटपे. तो शिरस्ता आजही तसाच आहे.

दुसरा शिरस्ता अधिक कठीण. ज्याने उत्सवात एक गाणे म्हटले त्याने ते वर्षभरात दुसऱ्या कोणाला तरी शिकवायचे. पुढील वर्षी शिकलेला मंचावर उभा राहतो आणि शिकवणारा समोरच्या पहिल्या फळीवर बसतो. त्याने ओठ हलवायचे नाहीत, हाताने खूण करायची नाही. गाणे संपले म्हणजे निवेदक त्याच्याकडे वळतो आणि त्याने 'दिलं' एवढा एकच शब्द उच्चारायचा. तो उच्चारल्यावरच त्याला नवे गाणे म्हणण्याचा अधिकार. 'नाही दिलं' असे प्रांजळपणे म्हणून आणखी एक वर्ष खाली बसणारेही निघत.

या नियमाने पुष्कळ गाणी तारली आणि एक बुडवले. नावाडी हा वखारवाल्यांचा जिवाभावाचा मित्र. त्याचा शिष्य ऐन वेळी परगावी निघून गेला. नावाडी एकटाच आला आणि या खेपेला मला नवे म्हणू दे म्हणाला. वखारवाल्यांनी नकारार्थी मान हलवली. नावाडी पुन्हा त्या फाटकातून आत आला नाही, आणि जे म्हणणार होता ते आपल्याबरोबरच घेऊन गेला. वखारवाल्यांनी तो विषय उभ्या आयुष्यात काढला नाही. पहिल्या फळीचे उजवे टोक मात्र ते दरवर्षी मोकळे ठेवीत.

वखारवाले गेले. वखार आणि उत्सव दोन्ही त्यांच्या थोरल्या लेकीच्या अंगावर आले. लोक तिला चिटणीसबाई म्हणत. गाणे तिच्या वाट्याला कधी आले नव्हते. तिच्या वाट्याला आला तो भुसा. उत्सवाआधी चार दिवस पाणी शिंपून भुसा बसवावा लागे, नाहीतर पहिल्याच तानेला गायक खोकू लागत. डफाची कातडी ओल्या लाकडापासून दूर ठेवावी लागे. पहिले गाणे कोणालाच नको असे, कारण तेव्हा लोक चपला काढत असतात; आणि सासूबाईंच्या मागोमाग कोणालाच नको असे, कारण मग कोणी ऐकत नाही. या साऱ्यांची समजूत घालून घालून चिटणीसबाईंची जीभ तेल दिलेल्या बिजागरीसारखी झाली होती.

सासूबाई म्हणजे त्यांच्याच सासूबाई. त्यांचे घर पिढीजात दोरखंड वळणाऱ्यांचे. एकाने चाकाची मूठ फिरवून पीळ द्यायचा, दुसऱ्याने कमरेला वाखाचा, म्हणजे सुट्या तंतूंचा, पुंजका बांधून, धागा सोडत उलट पावली चालत जायचे. आणि दोघांचा मेळ राहावा म्हणून गाणे. कारखान्याचा दोर आला आणि तो धंदा बसला. पण पिळाचे गाणे सासूबाईंनी मागल्या वर्षी मंचावरून असे म्हटले होते की पोस्टमास्तरांना पुढची घोषणा सुचेना. हे निवृत्त पोस्टमास्तर उत्सवाचे निवेदक.

यंदा सासूबाईंच्या मनात दुसरे गाणे होते. जीर्ण झालेला दोर उकलून त्याचा वाख पुन्हा मोकळा करताना त्यांची आई ते म्हणत असे. त्यांनी ते कोणापुढे कधी म्हटले नव्हते. छातीचा भाता आता दोन पायऱ्यांनाच दमू लागला होता. यंदा राहिले तर राहिलेच, हे त्यांना ठाऊक होते, डॉक्टरांना ठाऊक होते आणि सुनेलाही.

"पण आई, पिळाचं गाणं कोणाला दिलंत?" जेवताना चिटणीसबाईंनी विचारले.

तिघी येऊन गेल्या होत्या. एकीचा सूर केसभर उतरतो म्हणून सासूबाईंनी तिला परत पाठवले, दुसरीचा चढतो म्हणून तिला, आणि तिसरी आपण होऊनच यायची थांबली.

"शिष्य काय झाडाला लागतात?" सासूबाई म्हणाल्या. "नियम तुझ्या बापाचा आणि सासू तुझी. बघू दे तरी, कोणाची बाजू घेतेस."

चिटणीसबाईंनी हातातला घास ताटात परत ठेवला. नियम मोडावा तर उद्या प्रत्येक गायक म्हणणार, घरच्यांना मोकळीक आणि आम्हाला फाटक. पाळावा तर फळीच्या उजव्या टोकाशेजारी आणखी एक जागा मोकळी ठेवावी लागणार; आणि ती जागा रोज त्यांच्याच स्वयंपाकघरात समोर बसणार.

"मी शिकतो," ताटातून मान वर न करता त्यांचा नवरा म्हणाला.

तो चष्म्याच्या दुकानात भिंगे घासत असे. गाणाऱ्यांच्या घरात जन्मून सुराशी त्याचे सात जन्मांचे वैर. म्हणून भाऊबंद त्याला मौनीबुवा म्हणत.

"तू?" सासूबाई म्हणाल्या. "अरे, जन्मलास तेव्हा पहिलं रडलास, तेसुद्धा बेसूर."

"सूर पाहिजे असं नियमात कुठे म्हटलंय?"

चिटणीसबाईंनी आठवून पाहिले. खरोखरच म्हटले नव्हते. ज्याला सूर नाही असा कोणी त्या मंचावर चढेल, हे त्यांच्या वडिलांच्या स्वप्नातही आले नसावे.

त्यानंतर रोज संध्याकाळी मागल्या खोलीचे दार बंद होऊ लागले. शेजारीणबाईंनी एकदा हळूच चौकशी केली की भावजींची दाढ दुखते आहे का. सासूबाई बाहेर येत त्या कपाळाला हात लावूनच. पण दुसऱ्या दिवशी पुन्हा आत जात.

उत्सवाच्या दिवशी ऊन थप्प्यांच्या माथ्यावर आले तेव्हा पोस्टमास्तरांनी मौनीबुवाचा पुकारा केला. लोक हसू दाबू लागले. सासूबाई पहिल्या फळीवर पदर तोंडाशी धरून बसल्या. ओठ हलू नयेत म्हणून की काय, कोण जाणे. चिटणीसबाई ध्वनिवर्धकाच्या खांबाशी उभ्या होत्या.

त्याने सुरुवात केली. सूर नव्हता तो नव्हताच; जिथे चढायचे तिथे तो सपाट गेला आणि जिथे उतरायचे तिथे धपकन पडला. मागच्या रांगेत कोणीतरी फिस्कन हसले. पण शब्द एकही चुकला नाही. दुसऱ्या कडव्याला तो एक हात कमरेशी नेऊन, जणू तिथून धागा सुटतो आहे असा, उलट पावली चालू लागला.

मंच अपुरा पडला. तो थांबला नाही. पाठमोराच पायऱ्या उतरला, ध्वनिवर्धक मागे राहिला, आणि माणसांच्या मधून वाट काढत तो मागे मागे जात राहिला. लोक पाय आवरून घेऊ लागले. गाण्यात मध्येच एक लांब स्तब्धता होती. मागल्या वर्षी सर्वांना ती सासूबाईंच्या गळ्याची किमया वाटली होती. आता दिसले की दोराचे टोक गाठून वळायला तेवढाच वेळ लागतो. फाटकाशी पोहोचून तो वळला, आणि शेवटचे कडवे म्हणत सरळ पावली परत आला. तोवर हसणारा कोणी उरला नव्हता. टाळ्याही पडल्या नाहीत. टाळ्या द्याव्यात की नाही हेच कोणाला उमगेना.

पोस्टमास्तर सासूबाईंकडे वळले. चिटणीसबाईंना कळत होते की आता निवाडा ना नियमाच्या हाती आहे ना त्यांच्या. केसभर सुरासाठी लेकीबाळींना परत धाडणारी ही बाई. 'दिलं' म्हणाली आणि ते खोटे असले, तर तिचे तिलाच पुढचे गाणे गोड लागणार नाही.

सासूबाईंचा पदर खाली आला.

"मी उभी राहून म्हणायला लागले ती या माइकपायी," त्या म्हणाल्या. "माझी आई चालत म्हणायची. चाल मी टाकून दिली होती, हा लहानपणी तिच्या दोराच्या टोकाला असायचा म्हणून त्याला ती ठाऊक. सूर त्याला देता आला नाही. पण मी दिलं त्याहून जास्त आहे त्याच्याकडे." मग त्यांनी पोस्टमास्तरांकडे पाहिले. "दिलं. लिहून घ्यायचं तर सूर सोडून, असं लिहा."

वखार हसली, पण ते हसणे निराळे होते.

ऊन कलत असताना सासूबाई मंचावर चढल्या. लेकाने हात दिला आणि बसायला स्टूल दिले. दोर उकलण्याचे गाणे संथ असते. त्यात घाई करणाऱ्याच्या हाती गुंता येतो. दोन कडव्यांनंतर श्वास पुरेना. त्या थांबल्या, पाणी प्यायल्या, आणि जिथे सोडले होते नेमके तिथूनच त्यांनी पुन्हा धरले. आवाज फाटका होता, सूर मात्र जागचा हलला नाही. शेवटची ओळ संपली तेव्हा थप्प्यांवरचे ऊन उतरले होते.

गर्दी पांगल्यावर चिटणीसबाई सतरंज्या झटकत होत्या. सासूबाई पहिल्या फळीच्या उजव्या टोकाला येऊन टेकल्या. तिथे कोणी बसत नाही हे त्यांना ठाऊक होते.

"उद्यापासून सकाळी वखार उघडायच्या आधी माझ्यापाशी बसायचं," त्या म्हणाल्या. "हे तुला घ्यायचंय."

"आई, मला सूर नाही."

"त्याला कुठे होता?"

चिटणीसबाईंनी सतरंजीची घडी घातली, ती फळीवर ठेवली आणि सासूबाईंना उठवायला हात पुढे केला. फाटकाशी मौनीबुवा कुलूप घेऊन उभा होता.