बोटाबोटानं

रंगारी त्या दिवशी कामावर गेला नव्हता. त्याच्या पावणेदोन वर्षांच्या लेकीला, ठकीला, कालपासून जुलाब होत होते, आणि डॉक्टरीणबाईंनी बजावलं होतं, साखर-मिठाचं पाणी चमचाचमचा पाजत राहा. चारपर्यंत शू झाली नाही तर घेऊन या, सलाइन लावावं लागेल. बायको कारखान्यात. पाळी संपेपर्यंत तिचा फोन कपाटात कुलूपबंद.

त्यानं जंग जंग पछाडलं. चमच्याची आगगाडी केली, एक घोट काऊचा, एक चिऊचा म्हणून झालं, बाहुलीला पाजलं, स्वतः पिऊन मिटक्या मारल्या. ठकीनं ओठ घट्ट मिटले ते मिटलेच.

अडीच वाजले. लंगोट कोरडा ठणठणीत. रंगाऱ्याचा धीर सुटला. त्यानं तिला मांडीत दाबून धरलं, गाल चिमटीत पकडले आणि पाणी ओतलं. तिला जोराचा ठसका लागला. चेहरा लालबुंद झाला, पोटात होतं नव्हतं ते सगळं त्याच्या सदऱ्यावर आलं.

सुटल्यासुटल्या ती रांगत खाटेखाली शिरली. त्यानं हात पुढे केला, तशी तिनं दोन्ही हातांनी तोंड झाकून घेतलं. आजवर त्यानं तिला चापटसुद्धा मारली नव्हती.

"नाही गं राणी, नाही देत," तो कसाबसा म्हणाला.

आता काही सुचेना. त्यानं पाण्याची वाटी खाटेजवळ जमिनीवर ठेवली आणि लांब जाऊन, भिंतीकडे तोंड करून बसला. बऱ्याच वेळानं पाठीमागे चुळुक असा आवाज आला. मग चोखल्याचा. परत चुळुक. बोट बुडवायचं, चोखायचं. त्याची मान वळवायची छाती झाली नाही.

पावणेचारला लंगोट जेमतेम ओला झाला. तरी तो तिला उचलून दवाखान्यात धावला. बाईंनी पोटाची कातडी ओढून पाहिली, जीभ पाहिली. सलाइन नको म्हणाल्या. कसं पाजलंत, असं त्यांनी विचारलं.

"मी नाही पाजलं. तिची ती प्यायली." मग त्याला राहवलं नाही. "आधी मी जबरदस्तीनं ओतलं होतं, बाई. ठसका लागला तिला."

बाईंनी कानाला नळी लावून छाती तपासली. साफ होती. "परत असं करू नका," एवढंच त्या म्हणाल्या.

सहाला बायको आली. ठकी तिच्याकडे झेपावली आणि तिच्या हातून अर्धी वाटी गटागटा प्यायली. रंगारी दाराशी उभा राहून एकेक घोट मोजत होता. जवळ जावं की नाही, ते त्याला कळत नव्हतं.