चवड्याशी झिजलेला सोल

गिऱ्हाईक दुकानात आलं की मी आधी त्याचे पाय बघतो, तोंड नंतर. जोडे दुरुस्त करण्यात पंचवीस वर्षं गेली, दुसरं काही येतही नाही. कोण तिरका चालतो, कोण टाच आपटतो, कोणाचा गुडघा दुखतो, सगळं मला सोल बघून कळतं. आणि माझ्या सख्ख्या भावाचे जोडे चौदा महिन्यांत चार वेळा हातात आले, तेव्हा मला काही म्हणजे काही कळलं नाही.

दादा घरोघर टपाल वाटायचा. वय एकोणपन्नास. इतकं चालणाऱ्याचे जोडे टाचेकडून झिजतात. दादाचे चवड्याशी झिजून आले, दोन्ही. म्हणजे माणूस पाय उचलत नाही, फरफटत नेतो. मी काय केलं? पुढे जाड रबर ठोकलं आणि म्हणालो, “पाय उचलून चाल की जरा! म्हातारा झालास का?” दादा म्हणाला, “बरं.” चौथ्या खेपेला तर लोखंडी पत्री बसवली आणि स्वतःच्याच कामावर खूश झालो.

त्याच महिन्यांत तो विसरायलाही लागला. एका गल्लीची पत्रं दुसऱ्या गल्लीत टाकायला लागला. हाक मारली तर ओ येईपर्यंत माझी एक टाच बसवून व्हायची. शेवटी ऑफिसने त्याला घरी बसवलं. एकदा माझ्या दुकानात, गिऱ्हाइकांसमोर, त्याची पँट ओली झाली. मी नको नको ते बोललो. त्याच्या चेहऱ्यावरची रेषही हलली नाही. मला वाटलं, आत आता कोणी उरलेलंच नाही.

वहिनी नोकरी करून त्याचं सगळं करत होत्या आणि पार मेटाकुटीला आल्या होत्या. एका दुपारी त्याच्याच शेजारी बसून आम्ही ठरवून टाकलं. अशा माणसांना सांभाळणारी एक संस्था होती. तिथली खोली मी बघून आलो होतो.

“त्यांना काय सांगायचं, भाऊजी?” वहिनींनी विचारलं.

“काही नाही सांगायचं. त्याला कळतंय कुठे?”

दादाच्या हातातला चहा गार झाला होता. वहिनींनी कप काढून घेतला.

संस्थेला डॉक्टरचा कागद हवा होता, तेवढ्यासाठी आम्ही त्याला मोठ्या दवाखान्यात नेलं. डॉक्टरीणबाईंनी त्याला दारापासून टेबलापर्यंत चालायला लावलं. कागद बाजूला सारला आणि विचारलं, “पाय कधीपासून फरफटतायत?”

“चौदा महिने,” मी पटकन बोलून गेलो. वहिनींनी माझ्याकडे बघितलं.

डोक्याचा फोटो निघाला. बाईंनी समजावून सांगितलं. मेंदूतल्या कप्प्यांमध्ये पाणी तयार होतं आणि एका बारीक वाटेने पुढे जातं. दादाची ती वाट जन्मापासूनच अरुंद असावी. आता जवळजवळ बंद झाली होती. पाणी मागे तुंबलं होतं, कप्पे फुगले होते, मेंदू दाबला जात होता. डोक्यात हवा गेलेली माणसं मी पुष्कळ पाहिली होती, पाण्याचं पहिल्यांदाच ऐकत होतो. कवटीला भोक पाडून, दुर्बीण घालून, पाण्याला दुसरी वाट करून देणार होते. चालणं सुधारेल, असं बाई म्हणाल्या. डोकं किती परत येईल, याची खात्री त्या देईनात.

ऑपरेशन चाललं होतं तेव्हा मी बाकावर बसून जाणाऱ्या-येणाऱ्यांच्या टाचा बघत होतो. भीती वाटायला हवी होती. काहीच वाटत नव्हतं.

तिसऱ्या दिवशी दादा वॉर्डात पाय उचलून चालला. वहिनी रडल्या. मी उभा राहिलो नुसता. महिन्याभरात त्याला गल्ल्या आठवल्या, घरांचे नंबर आठवले, माझ्या बायकोची थट्टासुद्धा जमायला लागली. सगळे म्हणाले, सुटलो बाबा एकदाचे. मीही म्हणालो.

मग एका रविवारी मी त्याच्याकडे जेवायला गेलो. वहिनी आत होत्या. आम्ही दोघंच टेबलाशी.

“त्या खोलीला खिडकी होती का रे?” दादाने विचारलं.

“कुठल्या?”

“तू माझ्यासाठी बघून आलास ना, ती.”

“तुला कळत होतं?”

“सगळं. दुकानात बोललास तेही. उत्तर द्यायला तोंड उघडेपर्यंत तुमचा विषय बदललेला असायचा.” आवाजात राग नव्हता. पत्ता विचारावा तसा विचारत होता. “खिडकी होती का?”

खोटं बोलता आलं असतं. पण तो माझ्याकडेच बघत होता.

“नव्हती.”

“आणि तरी हो म्हणून आलास?”

“हो,” मी म्हणालो.