रेघेबाहेरची चार बोटं

बाप जाऊन वर्ष झालं. दोघा भावांनी दुकान एक दिवसही बंद ठेवलं नव्हतं, बोलणं तेवढं, भांडणापुरतं सोडून, बंद ठेवलं होतं. शिंप्याचं दुकान ते, एका खोलीचं. मधोमध कापड बेतायचं लांबलचक टेबल, एका टोकाला थोरला सदरे शिवायचा, दुसऱ्या टोकाला धाकटा विजारी. गिऱ्हाईक आलं की दोघांच्या तोंडात साखर, आणि त्याची पाठ वळली की पुन्हा तीच एरंडेल प्यायल्यासारखी तोंडं.

टेबलाच्या मध्यावर बापाची मोठी कात्री आडवी पडलेली असायची. बाप डावखुरा, म्हणून लोहाराकडून मुद्दाम डाव्या हाताची घडवून घेतलेली; आता तो लोहारही उरला नव्हता. थोरलाही डावखुरा. वर्षभर तो बाजारातल्या उजव्या कात्रीशी झटत होता, आणि अंगठा सुजून हा एवढा झाला होता. डॉक्टरांनी स्पष्टच सांगितलं होतं, असंच चालू ठेवलं तर अंगठा कायमचा जाईल. आता शिंप्याचा अंगठा गेल्यावर त्यानं करायचं काय, लोकांची बटणं मोजत बसायचं? धाकट्याला मात्र त्या कात्रीचा काडीचा उपयोग नव्हता. तो उजवा. तरी थोरल्याचा हात कात्रीकडे गेला की हा मशीन सोडून उठायचाच.

"आबा दोन वर्षं अंथरुणाला खिळले होते," धाकटा म्हणायचा. "त्यांचं हगणं-मुतणं मी काढलं. कात्री माझ्याकडेच राहील."

"दुकान मी ओढलं म्हणून तू उशाशी बसलास. बसायला काय लागतं?"

हे ऐकलं की धाकट्याच्या तळपायाची आग मस्तकात जायची. थोरल्याला ते पक्कं ठाऊक होतं, म्हणून तर तो ते रोज म्हणायचा.

शेवटी थोरल्याच्या बायकोनं रेघवालीला बोलावलं. वाटणीचं भांडण वकिलाकडे जाण्याआधी तिच्याकडे जायचं, अशी तिथली रीत. मंतरलेला खडू घेऊन बाई भर दुपारी आली, पाणीसुद्धा न पिता उभ्या उभ्या बोलायला लागली.

"डोळे बांधून दोघांनी आपापल्या वाट्याची रेघ ओढायची. रेघेच्या आतलं आपलं, तिथं दुसऱ्याचा हात येणार नाही. आपलाही हात रेघेबाहेर जाणार नाही. हक्कापेक्षा जास्त ओढलंत तर बोटं जन्मभर लुळी. नंतर माझ्या नावानं खडे फोडायचे नाहीत."

"आणि दोघांनाही एकच वस्तू हवी असली तर?" थोरल्याच्या बायकोनं विचारलं.

"खोटं बोलणाऱ्याचा खडू तिथवर पोचतच नाही. आजवर दोन रेघा एकमेकींवर बसल्याशिवाय राहिल्या नाहीत."

आधी थोरल्याचे डोळे बांधले. टेबल त्याच्या हाताखालचं, कात्री कुठं आहे ते त्याला झोपेतही सांगता आलं असतं. कात्री आपली, याबद्दल त्याच्या मनात तिळभर शंका नव्हती. कात्रीच्या अलीकडे, अगदी तिला लागून, त्यानं सफाईदार रेघ ओढली. मग धाकट्याची पाळी. त्यानंही तशीच ओढली, कात्रीच्या पलीकडच्या अंगाला.

डोळे सोडल्यावर दोन रेघांच्या मध्ये चार बोटांची पट्टी मोकळी होती, आणि तिच्यात कात्री.

"अरे, हे काय केलंत?" रेघवाली पहिल्यांदाच गोंधळली. "कात्री दोघांनीही सोडलीत?"

थोरल्यानं कपाळावर हात मारला. बापाची शिस्त! खडूची रेघ शिलाईची, आणि कापायचं तिच्याबाहेर चार बोटं सोडून. गिऱ्हाईक अंगानं सुटलं तर कपडा उसवून सैल करता यावा म्हणून. दुसरे शिंपी दोन बोटंही सोडत नसत, या दुकानाचं नाव त्या चार बोटांवर झालं होतं. पोरपणी रेघेवर कापलं म्हणून दोघांनीही बापाच्या मुस्कटात खाल्ली होती. रेघेबाहेरची चार बोटं आपलीच, हे दोघांच्या हातांनी न विचारताच गृहीत धरलं होतं.

थोरल्यानं हात पुढे केला. रेघेवर आला आणि अडला, भिंतीला टेकल्यासारखा. धाकट्याचाही अडला.

"एक उपाय आहे," बाई म्हणाली. "दोघांनी एकच खडू धरा, हातावर हात ठेवा, नवी रेघ ओढा. पण दिवस मावळायच्या आत. उद्यापासून ही कात्री कुणालाच उचलता येणार नाही, मलाही नाही."

धाकट्यानं खडू उचलून टेबलाच्या कडेपाशी हात धरला.

"ये. रेघ माझ्या बाजूला सरकव, कात्री तू घे, मला नकोच आहे ती. फक्त एकदा वहिनीसमोर म्हण, आबांचं तू केलंस."

थोरल्याची बायको त्याच्याकडे बघत राहिली. तिचे डोळे विनवत होते.

थोरल्याला एक दुपार आठवली. तो जेवणाचा डबा घेऊन आबांच्या खोलीच्या दारापर्यंत गेला होता. आत धाकटा आबांचा डावा हात मांडीवर घेऊन त्यांची नखं काढत होता, एकेक, सावकाश. आबा लहान पोरासारखे गप्प पडून होते. डबा उंबऱ्यावर ठेवून थोरला तसाच मागं फिरला होता. आपल्याच्यानं हे झालं नसतं, हे त्याला तेव्हाच कळलं होतं, आणि त्या दिवसापासून धाकट्याचं तोंड बघवत नव्हतं.

शब्द घशापर्यंत आले. धाकटा हात तसाच धरून उभा होता.

"बसायला काय लागतं," थोरला म्हणाला.

धाकट्यानं खडू रेघवालीच्या हातात दिला आणि जाऊन मशीनवर बसला. बाईनं पिशवी उचलली. बायको पदर खोचून आत गेली, आणि आतून भांडी आपटल्याचा आवाज आला.

संध्याकाळी न्यायचा एक सदरा बेतायचा राहिला होता. थोरल्यानं कापड पसरलं, खुणा केल्या आणि बाजारातली कात्री सुजलेल्या अंगठ्यात अडकवली. कळ खांद्यापर्यंत गेली. दात आवळून तो कापायला लागला, रेघेबाहेर चार बोटं सोडून.