एक झडप, जैसे थे

उघडी

निडी गावात रहिमाच्या घराची मागची खिडकी शेजारच्या गुणाजीच्या अंगणात उघडायची. ती कायमची बंद व्हावी म्हणून गुणाजीने रोह्याच्या कोर्टात दावा लावला. निकाल लागेपर्यंत ‘जैसे थे’, असा हुकूम झाला. त्या दिवशी खिडकीची एक झडप उघडी होती, एक मिटलेली. रहिमाने तशीच ठेवली. वाऱ्याने झडप हलली तरी धावत येऊन जागेवर आणायची.

“दुसरीपण उघड, कोण बघतंय?” कुवेतहून तिचा नवरा हसन फोनवर ओरडला.

“हुकूम बघतोय ना.”

हसन चिडला आणि त्याने तिथूनच वकिलाकरवी त्या हुकमाविरुद्ध मुंबईला हायकोर्टात अर्ज लावला.

मिटलेली

दावा चालू आहे तोवर त्या बाईशी बोलायचं नाय, असं गुणाजीने घरात बजावलं होतं. त्याची बायको मालू मिटलेल्या झडपेखाली वाल सोलत बसायची. तिथे बसलेलं कुणाला दिसत नसे.

“मी तुझ्याशी बोलत नाय हां,” ती लाकडाला सांगायची.

“मी तरी कुठं ऐकतेय?” रहिमा आतून.

आणि मग सगळं. सुनेचं तोंड, गुडघे, न जगलेली लेक. दुपारी डोळा लागला की रहिमाला झडपेला पान फुटलेलं दिसायचं. पानातून मालू बोलायची. खाडीचं पाणी खिडकीपर्यंत चढून ऐकत थांबायचं. जाग आली तरी ते लगेच ओसरत नसे.

उघडी

पेणला, ऑफिसात, रहिमाच्या वकील भूमिकाताईंनी चहा मागवला. “सुटलात मावशी! गुणाजींनी दावा मागे घेतला. निकाल लागेपर्यंत खिडकीच सडेल, असं त्यांचा मुलगा म्हणाला म्हणे.”

“आनि आमचा मुंबईचा अर्ज?”

“मूळ दावा संपला, त्यातला हुकूमही संपला. मग हुकमावरचा अर्ज कशावर उभा राहणार? निरर्थक झाला म्हणून निकाली काढतील.”

“म्हंजे दुसरी झडप उघडायची का नाय, ते कोन सांगनार?”

“कोणीच नाही. तो प्रश्नच उरला नाही.”

रहिमाच्या चहावर साय धरली. हुकमावरचा अर्ज. हुकमावरचं मालूशी बोलणं. मग तेही…

दोन्ही

घरी येऊन तिने मिटलेल्या झडपेला खांदा लावला. फुगलेलं लाकूड कुरकुरत सुटलं. खाली मालू, मांडीवर सूप. केस केवढे पिकलेले.

“आलीस?”

“व्हय.”

“संपलं म्हणे.”

“संपलं.”

सुपात वाल. अंगणात कोंबडी. ऊन. लग्नात शेजारी बसवलेल्या परक्या बायांसारख्या दोघी. मालूने पदर सारखा केला, रहिमाने ओढणी.

“बोला की गो आता!” ओटीवरून गुणाजी. “कोण अडवतंय?”

कोणीच नाही.

“ओढ गो ती,” मालू हळूच म्हणाली.

रहिमाने झडप ओढून घेतली. लाकडाला कान लावला. बराच वेळ नुसती कोंबडी. मग कुठूनतरी पाणी चढल्यासारखं वाटलं, आणि खालून

“मी तुझ्याशी बोलत नाय हां.”